वाटसरू पाखरांचा धनी कोण?

कार्तिक सरत आला म्हणजे गावोगावच्या तळ्यांवर नवी पाखरे दिसू लागतात. चक्रवाकांची जोडपी, रुंद चोचीची थापट्या बदके, टोकदार शेपटीची तलवार बदके ही पावसाळ्यात येथे नसतात आणि ऊन तापू लागले की पुन्हा नाहीशी होतात. ती कोठून येतात व कोठे जातात, हे लहान मुलेही विचारितात. त्याहून कठीण असा दुसरा एक प्रश्न आहे, आणि तो मोठ्या माणसांनी विचारावयाचा आहे. चार महिने आपल्या शिवारात राहणाऱ्या, पण कोणत्याही शिवाराच्या नसणाऱ्या ह्या जिवांवर हक्क कोणाचा, आणि त्यांच्याविषयीचे कर्तव्य कोणाचे? ह्या लेखात त्याच प्रश्नाचा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे.

प्रथम ह्या पाखरांची वाट समजून घेतली पाहिजे. मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीने अनेक वर्षे पाणपक्षी धरून, त्यांच्या पायांत मुंबईचे नाव कोरलेली हलकी कडी घालून त्यांस सोडून दिले. पुढे त्यांतील काही कडी दूर सैबेरियात सापडल्याचे कळून आले. अशा खुणांवरून विद्वानांनी आकाशातील वाटा शोधून काढिल्या. उत्तरेकडील बर्फाळ सैबेरियापासून हिंदी महासागरापर्यंत पसरलेल्या आपल्या वाटेस मध्य आशियाई उड्डाणमार्ग असे नाव आहे, व तो सुमारे ३० देशांवरून जातो. मंगोलिया व तिबेट येथील सरोवरांकाठी अंडी घालणारे पट्टकादंब हंस ह्याच वाटेने, हिमालय ओलांडून, आपल्याकडे येतात. अशा पाखरास तीन ठिकाणे लागतात. पिलांसाठी घरट्याची जागा, वाटेत पोट भरून अंगात बळ साठविण्यासाठी मुक्कामाची पाणवठे, आणि थंडी काढण्यासाठी उबदार प्रदेश. तिन्हींपैकी एक नाहीसे झाले तर उरलेल्या दोहोंचा उपयोग नाही.

मग अशा पाखराचा धनी कोण? हा वाद अमेरिकेत न्यायासनापुढे गेला होता. १९१६ साली अमेरिकेने कॅनडाच्या वतीने वागणाऱ्या ब्रिटनशी येणाऱ्याजाणाऱ्या पाखरांच्या रक्षणाचा करार केला, व १९१८ साली त्याप्रमाणे कायदा झाला. तेव्हा मिसूरी प्रांताने अशी तक्रार मांडिली की, आमच्या हद्दीतील पाखरे आमची आहेत, त्यांविषयी दुसऱ्याने नियम का करावे? १९२० साली तेथील सर्वोच्च न्यायालयाने ती तक्रार फेटाळिली. न्यायमूर्ती होम्स ह्यांच्या विचाराचा आशय असा होता की, रानपाखरे कोणाच्याच ताब्यात नसतात. जे आज येथे उतरले आणि थोड्याच दिवसांत दूरच्या मुलखात असणार, त्यावर मालकी सांगण्यास फारच दुबळा आधार आहे.

हा निकाल आम्हांस योग्य वाटतो. तथापि त्याने आपला प्रश्न पुरता सुटत नाही. "कोणाचेच नाही" ह्या शब्दांचे माणूस दोन अर्थ करितो. एक म्हणतो, कोणाचे नाही म्हणून मी घेतो. दुसरा म्हणतो, कोणाचे नाही म्हणून ते माझ्यापाशी ठेव आहे. गावात गायरान असते, विहिरीचा काठ असतो, रस्त्याकडेचे झाड असते. त्यांच्या बाबतीतही हे दोन अर्थ आपण रोज पाहतो. पहिला अर्थ अधिक सोपा आहे, व त्याच्या बाजूने एक युक्तिवाद नेहमी पुढे येतो, तो असा: "हजारो पाखरांतून मी दोनचार घेतली तर काय बिघडले?"

ह्या युक्तिवादाची परीक्षा राजस्थानातील भरतपूर येथे झाली आहे. तेथील केवलादेव तळ्यावर १२ नोव्हेंबर १९३८ रोजी व्हाइसरॉय लिनलिथगो व त्यांचे सोबती ह्यांनी एका दिवसात ४,२७३ पाखरे मारिली. तो आकडा तेथे दगडावर कोरून ठेविला आहे. एवढा संहार पाहून कोणीही म्हणेल की पाखरे नाहीशी होण्याचे कारण हेच. परंतु सैबेरियातील पांढऱ्या क्रौंचांची हकीकत पाहिली म्हणजे वेगळीच गोष्ट ध्यानात येते. हे मोठे क्रौंच पश्चिम सैबेरियातील दलदलींतून निघत, वाटेत अफगाणिस्तानातील आब-इ-इस्तादा सरोवरावर थांबत, आणि भरतपुरास येऊन थंडी काढीत. १९६४-६५ च्या हिवाळ्यात तेथे सुमारे २०० क्रौंच होते. पुढे भरतपूरच्या बंदुका थांबल्या. तळ्यास राष्ट्रीय उद्यान करण्यात आले. १९८५ साली त्यास जागतिक वारशाचा मान मिळाला. इतके होऊनही क्रौंच दरवर्षी कमीच होत गेले. २००१-०२ च्या हिवाळ्यात एकच जोडपे आले. त्यानंतर तेथे एकही आला नाही.

त्यांस कोणी मारिले? कोणा एकाचे नाव घेता येत नाही. ह्या क्रौंचाची मादी बहुधा दोनच अंडी घालते, आणि त्यांतून सामान्यतः एकच पिलू वाढते. ज्या कुळाची भर एवढी थोडी, त्यास मोठा संहार लागत नाही. एका देशात एक बंदूक, दुसऱ्यात एक जाळे, तिसऱ्यात एक आटविलेली दलदल, एवढे पुरे होते. थेंबे थेंबे तळे साचते असे आपण म्हणतो. थेंबाथेंबाने ते आटतेही, हे आपण विसरतो. प्रत्येकाने "माझे एक" म्हटले, आणि सर्वांचे "एक" मिळून शेवटचे जोडपे झाले. म्हणून आमचे मत असे आहे की, जेथे नुकसान पुष्कळांच्या हातून थोडे थोडे होते, तेथे आपला वाटा लहान आहे एवढ्याने कोणी निर्दोष ठरत नाही.

येथे कोणी उलट विचारील: "भरतपूरने सांभाळूनही क्रौंच गेले, तर आम्ही सांभाळून काय उपयोग?" ह्याचे उत्तर आपल्या खेड्यांतील पाणपोई देते. उन्हाळ्यात रस्त्याकडेस रांजण भरून ठेवणारा माणूस असे म्हणत नाही की, पुढच्या गावी पाणी असेल तरच मी ठेवीन. वाटसरू कोण, कोठला, परत येणार की नाही, हेही तो विचारीत नाही. त्याला एवढेच ठाऊक असते की, वाट लांब आहे आणि वाटेचा हा तुकडा माझ्या दारावरून जातो. पुढच्याने रांजण रिता ठेविला तर तो दोष त्याचा. माझा रांजण भरलेला असणे हे माझे काम. आणि हेही खरे की, वाटेवरचे बहुतेक रांजण भरलेले असतील तरच एखादा वाटसरू शेवटास पोहोचतो. कर्तव्य एकट्याचे असते, फळ मात्र सर्वांच्या मिळून असते. फळाची खात्री नाही म्हणून कर्तव्य सुटत नाही.

परंतु एका गोष्टीविषयी गप्प राहणे अन्यायाचे होईल. पाखरे राखावयाची तर खर्च कोणी सोसावयाचा? पुष्कळदा तो सर्वांत दुबळ्याच्या माथी मारिला जातो. १९८२ साली भरतपूरच्या उद्यानात गुरे चारण्यास एकाएकी बंदी घालण्यात आली. भोवतालच्या खेड्यांतील लोक पिढ्यान्‌पिढ्या तेथे म्हशी चारीत असत. त्यांनी विरोध केला, गोळीबार झाला, आणि काही ग्रामस्थ प्राणास मुकले. पुढे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घ अभ्यासात आढळले की, म्हशी नाहीशा झाल्यावर गवत माजले, मोकळे पाणी कमी झाले, आणि पाखरांचेच नुकसान झाले. पाखरांच्या नावाने गरिबास हाकून दिले, आणि पाखरांसही सुख लाभले नाही. गावकऱ्यास न विचारता केलेली दया अनेकदा आंधळी असते, ह्याचा हा मोठा धडा आहे.

ह्याच्या उलट उदाहरण नागालँडातील आहे. वोखा जिल्ह्यातील पांगती गावाजवळ दोयांग धरणाचा जलाशय आहे. दर ऑक्टोबरात तेथे अमूर ससाणे लाखोंनी उतरतात. हा पक्षी पाणपक्षी नव्हे, पण वाटसरू मात्र खरा. सैबेरिया व उत्तर चीन येथून निघून, भारतावरून अरबी समुद्र ओलांडून, तो आफ्रिकेच्या दक्षिण भागात जातो. आणि वजन म्हणाल तर पावशेराच्याही आत. २०१२ साली ह्या जलाशयाकाठी जाळी लावून एकाच हंगामात लाखाहून अधिक ससाणे मारिले गेले, असा अंदाज करण्यात आला. मारणारे काही दुष्ट नव्हते. धरणाने पुष्कळांची शेते गिळली होती, आणि पाखरे विकून हाती पैसा येत असे. पुढे गावोगाव समजूत घालण्याचे काम झाले. त्यात पाखरांचे अभ्यासक होते, सरकारी अधिकारी होते, आणि तेथील ख्रिस्ती मंडळ्याही होत्या. गावच्या पंचांनी स्वतः बंदी केली. २०१३ च्या हंगामात जाळी लागली नाहीत. त्या वर्षी तीन ससाण्यांच्या पाठीवर लहान यंत्रे बसविण्यात आली, व त्यांस नागा, वोखा आणि पांगती अशी नावे देण्यात आली. ज्यास काल विकले त्यास आज आपल्या गावाचे नाव दिले, हा पालट केवळ कायद्याच्या धाकाने होत नाही.

तथापि पांगतीच्या लोकांनी हाती येणारा पैसा सोडिला, हे विसरता कामा नये. ससाणा वाळवी व टोळ खातो. त्याचा लाभ दूरच्या शेतकऱ्यासही होतो. ज्यांस लाभ वा आनंद होतो त्यांनी खर्चाचा वाटा उचलावा, हा न्याय आहे. अमेरिकेत १९३४ पासून बदकांची शिकार करणाऱ्या प्रौढास दरवर्षी एक तिकीट विकत घ्यावे लागते, आणि त्या पैशांतून पाणथळ जमिनी राखल्या जातात. आपल्याकडेही दुर्बीण घेऊन येणाऱ्या पाहुण्याने, आणि त्याच्या सोयी करणाऱ्या सरकारने, ज्याच्या हरभऱ्यावर हंस व क्रौंच उतरतात त्या शेतकऱ्याचा विचार केला पाहिजे.

आता आपल्या शिवाराकडे वळू. निफाड तालुक्यात गोदावरी व कादवा ह्यांच्या संगमावर नांदूर मध्यमेश्वरचा बंधारा आहे. तो पाखरांसाठी बांधिला नव्हता. शेतीच्या पाण्यासाठी बांधिला होता. गाळ साचला, बेटे झाली, पाणगवत उगवले, आणि पाखरांनी ते ठिकाण आपले मानिले. २०२० साली रामसर कराराच्या यादीत आलेले ते महाराष्ट्रातील पहिले ठिकाण होय. ह्यावरून दिसते की, माणसाची गरज व पाखरांची गरज ह्यांचे हाडवैर नाही. १९७२ चा वन्यजीव कायदा व त्यातील १९९१ ची दुरुस्ती ह्यांनी ह्या पाखरांच्या शिकारीस मनाई केलेलीच आहे. पण तळ्याकाठी रात्री शिपाई उभा नसतो. तेथे गावाचे मनच पहारा देते.

म्हणून आमची वाचकांस विनंती आहे की, पुढील गावसभेत ह्या तीन गोष्टींचा विचार करावा. दाण्यांस विष लावून पाखरे मारण्याची रीत कोठे असेल तर ती बंद करावी. त्या विषाने गुरे व माणसेही मरतात. फवारणीची भांडी तळ्यात धुवू नयेत. आणि गाळपेर करिताना काठाचा थोडा पट्टा मोकळा सोडावा. ह्यासाठी पैसा लागत नाही, फक्त एकमत लागते. माघ फाल्गुनात ही पाखरे उत्तरेकडे निघतील. त्यांची घरटी आपण कधी पाहणार नाही, आणि तेथील लोक आपणांस ओळखणार नाहीत. तरी आपल्या तळ्यावरून ती धष्टपुष्ट होऊन निघाली, तर त्या अनोळखी लोकांशी आपण प्रामाणिकपणे वागलो असे होईल.