डोंगर देव, की देवाचे ठाणे?

नर्मदा आणि तापी यांच्यामधून पूर्व-पश्चिम गेलेल्या सातपुड्याचे महाराष्ट्रातले सर्वांत उंच शिखर अस्तंबा, सुमारे १३२५ मीटर. ते नंदुरबार जिल्ह्याच्या धडगाव तालुक्यात आहे. दिवाळीत इथे यात्रा भरते, ती अश्वत्थाम्याची.

डोंगराला हात जोडणारी माणसे जगात सगळीकडे आहेत. प्रश्न एवढाच, की हात जोडले जातात ते डोंगराला की त्यावर राहणाऱ्याला? ग्रीसमधला ऑलिंपस हे देवांचे घर. तिबेटातले कैलास हेही शिवाचे घर, म्हणून भाविक माथ्यावर चढत नाहीत, प्रदक्षिणा घालतात. दक्षिण अमेरिकेच्या अँडीज रांगेत मात्र डोंगर हाच धनी. पेरूतले क्वेचुआ लोक त्याला ‘आपू’ म्हणतात. त्यासाठी एवढ्या लांब जायचेही कारण नाही. नवापूर, साक्री, कळवण या पट्ट्यात मार्गशीर्षात आदिवासींचा डोंगऱ्यादेव हा उत्सव बसतो. व्रत धरलेले भक्त, म्हणजे माउल्या, पावरी या वाद्याच्या सुरावर फेर धरतात आणि पौर्णिमेच्या सुमारास गडाच्या पायथ्याशी रात्र जागवतात. तिथे मूर्ती शोधू नये. पुजला जातो तो डोंगरच.

अस्तंबा या दोन्हींत नीट बसत नाही. अश्वत्थामा देव नाही, संतही नाही. महाभारताच्या सौप्तिकपर्वात त्याने झोपलेल्यांची कत्तल केली, द्रौपदीचे पाचही मुलगे मारले आणि उत्तरेच्या गर्भावर अस्त्र सोडले. त्याच्या कपाळीचा मणी गेला. रक्तापुवाच्या दुर्गंधीसह रानोमाळ एकट्याने भटकण्याचा शाप कृष्णाने दिला, तो तीन हजार वर्षांचा. लोकांनी मात्र त्याला सात चिरंजीवांत बसवून मुदतच काढून टाकली. इतर सहांना जे वरदान, ते त्याला शिक्षा. मरण नाही म्हणजे सुटकाही नाही, हा विचार एरवी मोक्षचर्चेत येतो, तो इथे कपाळावरची न भरणारी जखम होऊन समोर उभा राहतो.

लोककथेतला अश्वत्थामा त्या जखमेसाठी वाटसरूकडे तेल मागतो आणि रानात चुकलेल्याला वाट दाखवतो. एरवी भक्त मागतो नि देव देतो. इथे मागणारा तो आहे. अपराध विसरला जात नाही, पण अपराध्याला तेलही नाकारले जात नाही. कर्मफळाच्या कोरड्या हिशोबापेक्षा ही समजूत जास्त माणुसकीची आहे. डोंगराचे काम इथे देवाला उंचावर बसवण्याचे नाही, वस्तीने बाहेर काढलेल्याला जागा देण्याचे आहे.

हीच कथा पूर्वेला बुऱ्हाणपूरजवळच्या असीरगडावरही सांगतात. अश्वत्थामा तिथल्या शिवमंदिरात पूजेला येतो, असे लोक म्हणतात. तो गडही सातपुड्यातच आहे.