गृहऋणाचे मोल

सामान्य गृहस्थ आयुष्यात जे जे विकत घेतो, त्यांत घरासाठीच त्याला आजवरच्या कमाईपेक्षा अद्याप न मिळवलेल्या कमाईवर अधिक भिस्त ठेवावी लागते. धान्य, वस्त्र, दागिना यांचे मोल तो साठवलेल्या द्रव्यातून देतो; घराचे मोल मात्र तो अजून न उगवलेल्या वीस-पंचवीस वर्षांतून देण्याचे वचन देतो, आणि त्या वचनाच्या हमीसाठी तेच घर गहाण टाकतो. म्हणून गृहकर्जाची खरी किंमत किती, हा प्रश्न वरवर अंकगणिताचा वाटला, तरी तो मुळात काळाचा आणि कर्त्याचा आहे. उद्याचे आयुष्य आज बांधून टाकण्याचा अधिकार मनुष्याला कितपत आहे, आणि तो वापरताना त्याच्यावर कोणते कर्तव्य येते? आपल्या परंपरेने या प्रश्नाचा विचार अनेक अंगांनी केला आहे. परंतु त्या विचाराकडे वळण्यापूर्वी हिशेब नीट मांडला पाहिजे, कारण ज्याचा हिशेब कच्चा त्याचे तत्त्वज्ञानही कच्चेच राहते.

समजा, पुण्यातील एका नोकरदार दांपत्याने ५० लाख रुपयांचे कर्ज दरसाल ८.५ टक्के दराने २० वर्षांच्या मुदतीवर घेतले. त्यांचा मासिक हप्ता ४३,३९१ रुपये येतो. हप्त्याची रक्कम दरमहा सारखीच असली, तरी तिच्या पोटातील व्याजाचा आणि मुद्दलाचा वाटा सारखा नसतो. परतफेडीच्या तक्त्याची पहिली ओळ पाहिली, तर व्याजाच्या रकान्यात ३५,४१७ रुपये आणि मुद्दलाच्या रकान्यात अवघे ७,९७४ रुपये दिसतात. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता २६ लाख रुपये भरल्यावर हे दांपत्य बाकी विचारू लागले, तर ती ४४ लाखांहून थोडी अधिक निघते. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्याहून मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षे लागतात. अर्धे मुद्दल फिटते ते चौदावे वर्ष सरत आल्यावर. वीस वर्षांअखेर दिलेल्या रकमेची बेरीज १ कोटी ४ लाखांच्या घरात जाते, म्हणजे व्याजच ५४ लाख. यात कोणतीही लबाडी नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारले जाते, आणि आरंभी जवळजवळ सगळेच मुद्दल शिल्लक असते, एवढाच त्याचा न्याय आहे. परंतु हा न्याय जाणून सही करणारे किती आणि केवळ हप्ता पगारात बसतो की नाही एवढेच पाहून सही करणारे किती, याचा विचार मनात आला की अस्वस्थ व्हायला होते.

कर्जाचे कागद ज्या टेबलावर होतात तेथील व्यवहार जवळून पाहिला, तर ही अस्वस्थता अनाठायी नाही हे कळते. कागदांची चळत पुढे ठेवलेली असते. सहीच्या जागी पेन्सिलीने फुल्या केलेल्या असतात. अधिकारी सौजन्याने एकेक पान उलटीत जातो आणि नवराबायको आळीपाळीने सह्या करीत जातात. हप्ता जड वाटत असल्याचे कोणी बोलून दाखवले, तर मुदत वाढवून देण्याची तजवीज तत्काळ होते. तेच ५० लाख तीस वर्षांच्या मुदतीवर घेतले, तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. दरमहा सुमारे ४,९४५ रुपये वाचतात, आणि टेबलाच्या अलीकडे बसलेल्यांना हायसे वाटते. मात्र त्या हायसे वाटण्याची किंमत म्हणजे आणखी दहा वर्षे आणि आणखी सुमारे ३४ लाख रुपये. तिशीतल्या माणसाने साठी गाठेपर्यंतचे दिवस त्या एका होकाराने नेमून टाकलेले असतात, आणि तो होकार बहुधा क्षणभरात दिलेला असतो.

शिवाय हा आकडाही स्थिर नसतो. आपल्याकडील बहुतेक गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवधीत, कर्जांचे दर ज्याच्या मागोमाग चालतात तो रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. ज्याने ६.७५ टक्क्यांनी ५० लाख वीस वर्षांसाठी घेतले असतील, त्याचा हप्ता ३८,०१८ रुपये होतो. तोच दर ९.२५ टक्के झाल्यास पूर्ण मुद्दलावरचे एका महिन्याचे व्याजच ३८,५४२ रुपये होते. म्हणजे हप्ता तोच ठेवला, तर तो व्याजालाही पुरत नाही, आणि मुदत कितीही लांबवली तरी ऋण घटण्याऐवजी वाढतच जाते. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने जो आदेश काढला, त्यात दर बदलताना ऋणकोला हप्ता वाढवण्याचा किंवा मुदत वाढवण्याचा पर्याय द्यावा, आणि मुदतवाढीमुळे मुद्दल फुगत जाऊ नये असे बजावले, त्याचे कारण हेच होते.

येथे एक सयुक्तिक आक्षेप उभा राहतो, आणि त्याला बगल देणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. आक्षेप असा की, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो, आणि म्हणून सर्व हप्त्यांची सरळ बेरीज करणे हेच भ्रामक आहे. महागाई दरसाल पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनंतरच्या रुपयाची क्रयशक्ती आजच्या अडतीस पैशांइतकी उरते. तेव्हाचा ४३,३९१ रुपयांचा हप्ता आजच्या साडेसोळा हजारांइतकाच भारी असेल, आणि तोवर पगारही वाढलेला असेल. शिवाय घर घेतले नसते, तर भाडे द्यावेच लागले असते. अकरा महिन्यांच्या करारावर दारोदार फिरणाऱ्या बिऱ्हाडाला जी मानहानी आणि धास्ती सोसावी लागते, तिचेही काही मोल धरले पाहिजे. हे सर्व खरे आहे, आणि त्यामुळेच व्याजाच्या आकड्याकडे बोट दाखवून गृहकर्जाला सरसकट लूट ठरवणे मला मान्य नाही. परंतु आक्षेप मान्य केल्यावर मूळ प्रश्न मिटत नाही, उलट तो स्वच्छ होतो. रुपयांची बेरीज ही जर खरी किंमत नव्हे, तर खरी किंमत ती कोणती?

माझ्या मते ती आहे काळाची. दरमहा न चुकता यावयाच्या मिळकतीची शाश्वती, हीच गहाण पडलेली खरी वस्तू असते. ज्याच्यावर वीस वर्षांचा हप्ता आहे, त्याला अपमानास्पद नोकरी सोडण्यापूर्वी दहादा विचार करावा लागतो. वृद्ध मातापित्यांच्या सेवेसाठी वर्षभर गावी जाऊन राहणे त्याला साधत नाही. वरिष्ठाच्या गैरव्यवहारावर सही करण्याचे नाकारताना त्याच्या डोळ्यांपुढे महिन्याची पाच तारीख उभी राहते. हे खर्च कोणत्याही तक्त्यात छापले जात नाहीत, आणि महागाईने ते झिजतही नाहीत. सद्सद्विवेकाला ज्या क्षणी मोकळीक हवी असते, त्याच क्षणी तिची टंचाई भासते. गृहऋणाचा हा सर्वांत मोठा आकार.

आणि हे वचन देणारा कोण, पाळणारा कोण? तिसाव्या वर्षी सही करणारा आणि पन्नासाव्या वर्षी हप्ता भरणारा हे एकच का? यवन राजा मिलिंद आणि भिक्षू नागसेन यांच्या संवादात रात्रभर तेवणाऱ्या दिव्याचा दृष्टान्त येतो: पहिल्या प्रहराची ज्योत आणि शेवटच्या प्रहराची ज्योत ही एकच म्हणता येत नाही आणि वेगळीही म्हणता येत नाही. ऋणकोची स्थिती अशीच आहे. पन्नाशीतल्या त्या माणसाची प्रकृती, त्याच्या श्रद्धा, त्याच्या गरजा यांविषयी तिशीतल्या माणसाला काहीच ठाऊक नसते. तरीही तो त्याच्या वतीने करार करतो. तो माणूस अगदीच परका असता, तर असा करार अन्याय ठरला असता. तो अगदी तोच असता, तर केवळ वैयक्तिक आवडीनिवडीचा प्रश्न उरला असता. तो ना तोच, ना परका, म्हणूनच येथे धर्माचा प्रश्न उत्पन्न होतो. ज्याची संमती विचारता येत नाही, त्याच्या वतीने व्यवहार करणाऱ्या पालकावर जी जबाबदारी असते, तीच प्रत्येकावर स्वतःच्या भावी आयुष्याच्या संबंधात असते.

आपल्या पूर्वसूरींनी ऋणमुक्तीला सुखाच्या व्याख्येतच स्थान दिले होते. वनपर्वातील यक्षाने सुखी कोण असे विचारले, तेव्हा युधिष्ठिराने सांगितलेल्या सुखी मनुष्याला पाचव्या-सहाव्या दिवशी का होईना, पण स्वतःच्या घरी भाजी शिजवून खायला मिळते. तो कोणाचे देणे लागत नाही आणि त्याला परमुलखात भटकावे लागत नाही. बुद्धाने अनाथपिंडिक या धनाढ्य श्रेष्ठीला गृहस्थाची चार सुखे सांगितली, त्यांतही ऋण नसण्याचे सुख एक आहे. आणि ते एका व्यापाऱ्यालाच सांगितले, हे विसरता कामा नये. युधिष्ठिराच्या उत्तरातील दोन अटींकडे, घरी असणे आणि अनृणी असणे यांकडे, आजच्या नगरवासी गृहस्थाने निरखून पाहावे. त्या काळी या दोन अटी एकमेकींच्या सख्या होत्या. मुंबई-पुण्याच्या जागांच्या भावांनी त्यांना सवती केले आहे. घर हवे तर ऋण घ्या, ऋण नको तर बिऱ्हाड पाठीवर घ्या, असा पेच आज उभा आहे. म्हणून जो गृहस्थ कर्ज काढतो त्याला लोभी म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही. त्याने एका सुखासाठी दुसरे सुख काही काळ तारण ठेवले आहे. मात्र ते ‘काही काळ’ किती, यावरच सारा निवाडा अवलंबून आहे.

ऋणाला सीमा असावी, ही जाणीव आपल्या धर्मशास्त्रात दामदुपटीच्या नियमातून व्यक्त झाली. एका वेळी मागावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक होता कामा नये, असा तो नियम होता, आणि जुन्या मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही तो हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मान्य केला होता. हप्त्याहप्त्याने दिलेल्या व्याजाची बेरीज त्या नियमात येत नसे, म्हणून आजच्या गृहकर्जाने त्याचा शब्दशः भंग होत नाही. तथापि मनुष्याचे आयुष्य मर्यादित असता त्याच्यावरचे देणे अमर्याद वाढू देणे हा अधर्म होय, हे त्यामागील तत्त्व आजही तितकेच खरे आहे. ही सीमा जेथे सुटली, तेथे काय झाले याची साक्ष आपल्याच मुलखात आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा जो उठाव झाला, त्याचा रोख मुख्यतः सावकारांच्या दप्तरांवर होता. रोखे आणि खतपत्रे हिसकावून जाळण्यात आली. पुढे १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने न्यायालयांना रोख्याच्या मागे जाऊन देण्याघेण्याचा मुळापासूनचा इतिहास तपासण्याचा अधिकार दिला. रयतेची एक मुख्य व्यथा अशी होती की, आपण काय कबूल केले हेच तिला कळत नव्हते. आणि त्या उठावाच्याही दोन-अडीच शतके आधी, दुष्काळाने होरपळलेल्या देहूच्या तुकोबांनी आपल्या वाट्याचे कर्जरोखे इंद्रायणीत बुडवले, असे परंपरा सांगते. धनकोच्या हातून ऋणकोची अशी सुटका व्हायची, तर धनकोला मन असावे लागते. आजचा धनको ही संस्था आहे. तिच्या ठेवीही कोणा निवृत्ताच्या, कोणा विधवेच्या असतात, आणि रोखे बुडवण्याचा अधिकार तेथील कोणालाही नाही. म्हणून पूर्वी शास्त्राने, राजाने किंवा क्वचित धनकोच्या करुणेने जी मर्यादा घातली, ती आता ऋणकोने स्वतःच घालून घेतली पाहिजे.

ती घालण्याची साधने त्याच्या हातात आहेत. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसाठी, सर्व आकार मिळवून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असलेले माहितीपत्रक करारापूर्वी हाती देणे बँकांवर बंधनकारक आहे. ते घरी आणून, दिव्याखाली बसून, नवराबायकोने मिळून ओळ न् ओळ वाचावे. मुदत मागताना हप्ता किती हलका होतो हे न पाहता, ती संपताना आपले वय काय असेल हे पाहावे. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाची मुदतपूर्व फेड केल्यास दंड लागत नाही. तेव्हा वरच्या उदाहरणात वर्षाकाठी एकच जादा हप्ता मुद्दलात भरला, तर वीस वर्षांचे कर्ज सव्वातीन वर्षांहून अधिक काळ आधी फिटते. दर वाढला, तर मुदत आपोआप लांबू न देता बँकेत जाऊन हप्ता वाढवून घ्यावा. बोनस, विकलेल्या दागिन्याचे पैसे, अवचित आलेले द्रव्य आधी ऋणाकडे वळवावे. हे सारे काटकसरीचे नियम वाटतील. परंतु ज्याने काळ गहाण टाकला आहे, त्याने काळ सोडवून आणणे हा त्याच्या साधनेचाच एक भाग आहे.

प्राचीनांनी जन्मासोबतच देव, ऋषी आणि पितर यांचे ऋण मनुष्यावर येते असे म्हटले. त्या ऋणांची फेड यज्ञाने, अध्ययनाने आणि संततीने होत असे, आणि ती फेडताना मनुष्य मोठा होत असे. गृहऋण तसे असू शकते. मुलांना स्थैर्य देणारे, वृद्धांना आसरा देणारे घर ज्याने उमजून, मर्यादा ठरवून, मुदतीच्या आत मोकळे केले, त्याचे ऋण एखाद्या व्रतासारखे पार पडले असे म्हणता येईल. पण ज्याने केवळ हप्ता पाहिला आणि वर्षे पाहिली नाहीत, त्याने आपल्या पन्नाशीचा करार तिशीच्या घाईत करून टाकला. बँक त्याची मिळकत तपासते, जामीनदार तपासते, खरेदीखत तपासते. त्याच्या आयुष्याची उरलेली वर्षे कशासाठी हवी आहेत हे विचारणे तिचे काम नाही. तो प्रश्न विचारण्याचे कर्तव्य सही करणाऱ्याचे आहे, आणि सही करण्यापूर्वीचे आहे.