माहेरवाशीण : पाहुणी की घरची?

आपल्या घरांतून मराठी हळूहळू ओसरत चालली आहे, हे वाचकांना नव्याने सांगावयास नको. जेवणाच्या पदार्थांची आणि सणांची नावे अजून तोंडात आहेत. पण काही शब्द असे असतात की त्यांच्या पोटात एखादे कर्तव्य साठविलेले असते, आणि शब्द गेला की ते कर्तव्यही कोणाच्या ध्यानात राहत नाही. 'माहेरवाशीण' हा त्यांपैकी एक. नातवंडांना हा शब्द समजावून द्यावयास गेले तर हिब्रूत त्याला एका शब्दाचा जोड सापडत नाही. 'बेत होरीम' म्हणजे आईबापांचे घर. ते मुलाचेही असते व मुलीचेही. लग्न होऊन गेलेली लेक त्या घरी परत आली म्हणजे तिला जे वेगळे नाव आणि वेगळा मान मिळतो, तो त्या शब्दात येत नाही. तेव्हा हा मान कशाचा आहे, आणि तो घेणारी बाई त्या घरची पाहुणी आहे की घरची, याचा थोडा विचार येथे करावयाचा आहे.

प्रथम शब्द पाहू. शाळेत आम्ही तो फोडून सांगत असू. मातृगृह या संस्कृत शब्दापासून 'माहेर' झाले, आणि तेथे वास करणारी ती माहेरवाशीण. सासर म्हणजे सासऱ्याचे घर. म्हणजे बाई जेथे जाते ते घर पुरुषाच्या नावाने ओळखले जाते, आणि जेथून निघते ते आईच्या नावाने. त्या घरावर बापाच्या नावाची पाटी असली, जमिनीचा सातबारा बापाच्या नावाचा असला, तरी मुलीच्या तोंडी ते आईचेच घर राहते.

दुसरी गोष्ट अशी की, घरात राहणाऱ्या अविवाहित मुलीला कोणी माहेरवाशीण म्हणत नाही. ती घर सोडून गेल्यावरच हे नाव तिला लागते. तिसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. आपल्या भाषेत 'सवाशीण' असाही एक मानाचा शब्द आहे. पण तो मान नवऱ्याच्या आयुष्यावर अवलंबून असतो, आणि नवरा गेला की तो काढून घेतला जातो. माहेरवाशीण या नावाला अशी अट नाही. नवरा असो वा नसो, मुले असोत वा नसोत, सासरी सुख असो वा दुःख, तिचे हे नाव कोणाला काढून घेता येत नाही. ज्या समाजात बाईची बहुतेक नावे नवऱ्यावरून पडत, तेथे हे एक नाव तिच्या जन्मावरून पडलेले आहे.

कोकणात या नावाबरोबर काही बांधीलकीही असे. लेकीला सासरहून आणावयास माहेरचा माणूस जाई. त्याला 'मुराळी' म्हणत. तिने आपल्या मनाने, एकटीने निघून येणे हे माहेरालाच कमीपणाचे समजले जाई. पहिले बाळंतपण माहेरी, हा तर आपल्याही घरांतून पाळला गेलेला रिवाज. साडीचोळी, सणाच्या दिवशी तिच्या घरी जाणारा डबा, चार दिवस तिला चुलीपुढे बसू न देणे, ही सारी प्रेमाची कामे होती खरी. पण ती कोणाच्या मर्जीवर सोडलेली नव्हती. भाऊ गरीब असला तरी मुराळी पाठवी. या बाबतीत चुकलेल्या घराला चार माणसे नावे ठेवीत.

येथपर्यंत सारे गोड वाटते. पण या मानाची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. 'दिल्या घरी सुखी राहा' असे म्हणून आपण मुलीची पाठवणी करीत असू. हा आशीर्वाद आहे आणि पाठीमागे लावलेले दारही आहे. चार दिवस लाड करावेत, पाचव्या दिवशी तिने निघावे, आणि घरातल्या कारभारात बोलू नये. तिने तोंड उघडलेच तर 'तू आता दुसऱ्या घरची' असे ऐकावे, हेही माहेरपणच होते. मान आणि परकेपणा एकाच ताटात वाढलेले होते.

आपल्या आडनावांकडे पाहा. पेणकर, नवगावकर, केहीमकर, रोहेकर, दिवेकर, चेऊलकर, झिराडकर ही नावे आपण कोणत्या गावातून आलो ते सांगतात, आणि त्यांचा आपल्याला रास्त अभिमान आहे. परंतु हे 'कर' मुलग्यांबरोबरच पुढे जाते. पेणकरांची लेक लग्नानंतर रोहेकर होते, तिच्या नावामधले बापाचे नाव जाऊन नवऱ्याचे येते, आणि पेणकरांच्या वंशावळीत तिच्या नावापुढे रेघ थांबते. कित्येक वंशावळींत ते नावही नसते. 'तीन पुत्र, दोन कन्या' एवढा आकडा असतो. पुत्रांची नावे, कन्यांची संख्या. मग तिला घरची म्हणावे कशावरून?

या प्रश्नावर आपल्या धर्मग्रंथांत काय दिसते ते पाहू. तनाखमध्ये 'बापाचे घर' हा शब्द पदोपदी येतो. 'आईचे घर' मात्र फार थोड्या ठिकाणी येते, आणि ती सारी ठिकाणे स्त्रियांची आहेत. विहिरीवर अब्राहामाच्या सेवकाची भेट झाल्यावर रिबका धावत गेली ती आईच्या घरी सांगावयास. शीर हाशीरीममध्ये प्रियकराला आपल्या आईच्या घरी नेण्याची गोष्ट दोनदा येते. आणि शावुओतला आपण जी वाचतो त्या रूथच्या कथेत नामी आपल्या दोन्ही विधवा सुनांना आपापल्या आईच्या घरी परत जावयास सांगते. पुढे बोआजच्या बोलण्यात रूथने आईबाप दोघांनाही सोडल्याचा उल्लेख आहे. तरी नामीच्या तोंडी आले ते आईचेच घर. मराठी ज्याला माहेर म्हणते तेच हे, हे पाहून मौज वाटते.

लेवीयच्या बाविसाव्या अध्यायातला नियम तर माहेरवाशिणीचाच आहे. कोहेनाची मुलगी परक्या घरी दिली की पवित्र अर्पणातले अन्न तिला चालत नाही. पण ती विधवा झाली किंवा तिला सोडचिठ्ठी मिळाली, आणि तिला मूल नसेल, तर ती बापाच्या घरी परत येते आणि लहानपणीप्रमाणे पुन्हा त्याच्या ताटातले खाते. येथे दया दाखविण्याची भाषा नाही. तिचा हक्क मधल्या काळात थांबला होता. तो संपलेला नव्हता.

केतुबा घ्या. तीत वधू अमक्याची मुलगी म्हणून लिहिली जाते. आणि पुढे दुर्दैवाने गेत द्यावा लागला तरी त्यातही ती बापाचीच मुलगी असते. हलाखा तिला नवऱ्याच्या नावाने कधीच लिहीत नाही. आजाऱ्यासाठी प्रार्थना करताना तर माणसाचे नाव आईच्या नावासह घेण्याची रीत आहे. शिवाचा नियम याहून स्पष्ट आहे. आई, बाप, भाऊ, बहीण यांच्यासाठी लग्न झालेली मुलगीही सात दिवस बसते. सासूसासऱ्यांसाठी बसण्याचे तिच्यावर बंधन नाही. ज्या घरच्या दुःखात तिला जमिनीवर बसावेच लागते, त्या घरची ती पाहुणी कशी?

आणि याच्या उलट वागणाऱ्या बापाची गोष्टही तोरेत आहे. याकोबाने घर सोडण्याचा विचार सांगितला तेव्हा राहेल आणि लेआ या दोघी बहिणी एकदाच्या एकमताने बोलल्या : बापाच्या घरी आता आपला वाटा उरला आहे कुठे, त्याने तर आपल्याला परक्या समजून विकले. लाबानाच्या मुलींची ही तक्रार बेरेशीतमध्ये नोंदलेली आहे, आणि तिला कोणी खोडून काढलेले नाही.

आपल्या समाजाला या प्रश्नाची एक जुनी जखमही आहे. १९६२ साली येथील मुख्य रब्बानूतने बेने इस्राएलांच्या विवाहांबाबत सूचना काढल्या, त्यांत अर्जदाराच्या आईची, आईच्या आईची, अशी शक्य तितक्या पिढ्या मागे चौकशी करावयास सांगितले होते. त्याविरुद्ध आपली माणसे यरुशलेमच्या रस्त्यावर बसली, आणि १९६४ च्या ऑगस्टमध्ये क्नेसेतने आपल्या बाजूने ठराव केल्यावर रब्बानूतला सूचनेतले आपल्या समाजाचे नाव काढावे लागले. एकाच समाजाला वेगळे काढून अशी चौकशी करणे हा अन्याय होता, याबद्दल आमच्या मनात तेव्हाही शंका नव्हती, आजही नाही. पण त्यातून एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. यहूदीपण आईकडून येते. आणि आपली प्रत्येक आई, आजी, पणजी ही कोणत्या तरी घरची माहेरवाशीण होती. 'कर' बापाकडून आले. पण आपण जे आहोत ते ज्यांच्याकडून आलो, त्यांचीच नावे आपण लिहून ठेवली नाहीत. पणज्याचे गाव आपण चटकन सांगतो. पणजीचे माहेर किती जणांना सांगता येईल?

आता पैशाकडे वळू, कारण माहेरपणाची खरी परीक्षा तेथेच होते. इस्राएलच्या १९६५ च्या वारसा कायद्यात मुलगा व मुलगी यांचा वाटा सारखा आहे. भारतात यहूद्यांना १९२५ चा इंडियन सक्सेशन ॲक्ट लागू आहे, आणि मृत्युपत्र नसल्यास त्यातही दोघांचा वाटा सारखाच. पूर्वीच्या कुलाबा, म्हणजे १९८१ पासूनच्या रायगड जिल्ह्यात, विशेषतः अलिबागच्या बाजूला, जमिनीचे भाव चढले आहेत. ज्यांच्या वाडवडिलांची थोडीफार जागा तेथे राहिली आहे, त्यांच्या घरांत एक कागद फिरू लागतो. त्याचे नाव हक्कसोडपत्र. बहिणींनी सही करावी, भावांच्या नावे जागा व्हावी. सही केली तर माहेर राहील, न केली तर तुटेल, असे तिला कोणी स्पष्ट सांगत नाही. सांगावे लागत नाही.

बहिणीने आपल्या राजीखुशीने वाटा सोडला तर तो तिचा मोठेपणा. भाऊ गरीब असेल, त्याने म्हाताऱ्या आईबापांचे केले असेल, तर तसे करणे योग्यही ठरेल. पण माहेर ही विकत घ्यावयाची वस्तू नव्हे. सहीच्या बदल्यात जे मिळते त्याला माहेरपण म्हणता येणार नाही, आणि ज्या भावाने ते अशा रीतीने विकले, त्याने लाबानाचेच काम केले. मिश्नाकारांपुढेही हा पेच आला होता. मुलगे असताना वारसा मुलग्यांचा, असा जुना नियम त्यांनी पाळला; पण मागे राहिलेली मिळकत थोडी असेल तर त्यांनी मुलींच्या पोषणाची सोय आधी केली, मग मुलग्यांवर दारोदार फिरण्याची पाळी आली तरी चालेल. अदमोनने त्यावर हरकत घेतली, तीही तेथे प्रामाणिकपणे नोंदलेली आहे. परंतु घरात थोडेच असेल तेव्हा आधी मुलीकडे पाहावे, हा त्या नियमाचा कल स्पष्ट आहे. मुराळी पाठविणाऱ्या गरीब भावाचाही कल तोच होता.

कोणी म्हणेल, येथे आता या शब्दाची गरज काय? लेक लोदला, आईबाप रामलेला. ती दर शब्बाथला येऊ शकते. सण एकदा इकडे, एकदा तिकडे असा पाळीने होतो. कित्येक मुली लग्नानंतरही माहेरचे आडनाव ठेवतात. हे सर्व खरे आहे, आणि चांगले आहे. पण कायदा वाटा देतो तो माणूस मेल्यावर. माणसे जिवंत असताना एकमेकांना काय लागतात ते कायदा सांगत नाही. शिवाय अंतर कमी झाले म्हणून ओझे कमी झाले असेही नाही. म्हाताऱ्या आईला कुपत होलीममध्ये घेऊन जाणारी, डॉक्टरांशी बोलणारी, रात्री इस्पितळात बसणारी पुष्कळ घरांत लेकच असते. मग घर विकण्याची किंवा आईला कोठे ठेवावे याची गोष्ट निघाली की भाऊ बसून ठरवितात आणि बहिणीला मागाहून फोन करतात. सेवेच्या वेळी घरची आणि निर्णयाच्या वेळी पाहुणी, हा व्यवहार बरोबर नाही.

अर्थात हक्क मागणाऱ्या लेकीनेही एक ध्यानात ठेवले पाहिजे. घरची म्हटले की चार दिवसांचे लाड संपले. आईबापांच्या म्हातारपणाचा भार तिनेही आपला समजावा, आणि आपल्या माहेरी आपल्याला जो मान हवा तोच आपल्या घरी येणाऱ्या नणंदेला द्यावा. कारण प्रत्येक सासर हे कोणा दुसरीचे माहेर असते, आणि नणंद ही त्या घरची माहेरवाशीण असते. हे विसरल्यामुळे जितकी माहेरे तुटली, तितकी भावांच्या लोभानेही तुटली नसतील.

आमच्या पिढीतल्या पुरुषांना तर ही गोष्ट कळावयास कठीण जाऊ नये. आपण भारत सोडून आलो, आणि आता कधी चार दिवस नवगाव-रेवदंड्याला गेलो की लोक प्रेमाने विचारपूस करतात, जेवू घालतात, आणि मग विचारतात, परत कधी निघणार? ज्या गावाचे नाव आपण आडनावात घेऊन फिरतो तेथे आपण आलेले-गेलेले ठरतो. त्या प्रश्नाने मनात जे होते, ते आपल्या बहिणींनी आपल्याच दारात आयुष्यभर सोसले आहे.

तेव्हा वाचकांना आमची विनंती साधी आहे. ज्यांच्या घरी वंशावळ आहे त्यांनी ती काढावी आणि लेकींची नावे तीत घालावी. नुसती नावे नव्हेत, तर त्या कोणत्या घरी गेल्या आणि त्यांची मुले कोण, हेही. सुनांच्या नावापुढे त्यांचे माहेर लिहावे. ज्यांच्या आई-आत्या-मावश्या अजून हयात आहेत त्यांनी त्यांना आजच विचारून घ्यावे, कारण ही माहिती कोणत्याही दप्तरात सापडणार नाही. आणि घरातला एखादा मोठा निर्णय घ्यावयाचा असेल, तर तो ठरल्यावर बहिणीला कळवू नये, ठरविण्याआधी बोलवावे. पूर्वी त्यासाठी मुराळी पाठवावा लागे. आता एक फोन पुरे.