पूर ओसरल्यानंतरचे घर

महापुराने ज्याचे घर बुडविले असा वासनिक पुन्हा त्याच जागी भिंत उभारू लागला, तर साधकाने त्यास काय सांगावे? ‘प्रपंच नाशवंत आहे, हे डोळ्यांनी पाहिलेस, आता तरी ममता सोड’ असे सांगावे काय? वरवर पाहता हा बोध शास्त्राला धरून वाटतो. तथापि त्याचा सूक्ष्म विचार केला पाहिजे.

२२ जुलै २०२३ रोजी अतिवृष्टीमुळे महागाव तालुक्यातील आनंदनगर तांड्याला पुराचा वेढा पडला. हवाई दलाची मदत मागविण्यात आली. राज्य आपत्ती प्रतिसाद दलाच्या जवानांनी अडकलेल्यांना बाहेर काढले. अशा प्रसंगी जीव वाचला की माणूस प्रथम आपला उंबरठा शोधतो. हा केवळ मोह म्हणावा काय?

जीव, देवता, प्रपंच व परमेश्वर हे चारही पदार्थ आपल्या शास्त्रात अनादी मानले आहेत. कार्यरूप प्रपंच नाश पावतो, कारणरूप प्रपंच नाश पावत नाही. आणि जीव तर नित्यच आहे. म्हणून संहारानंतर पुन्हा सृष्टी होते व जीव आपल्या अविद्येसह पुन्हा देहास येतो. त्याची घराची ओढ म्हणजे अक्षय स्थानाचीच ओढ होय. ती केवळ क्षयी ठिकाणी गुंतली आहे. ओढ निंद्य नव्हे, गुंतणे सोडवावयाचे आहे.

ते कसे सोडवावे, हे सशाच्या लीळेवरून कळते. पारध्यांच्या भयाने ससा श्रीचक्रधर स्वामींच्या मांडीखाली शिरला. स्वामींनी त्याला देहाची अनित्यता निरूपिली नाही. आधी आश्रय दिला, पारध्यांची मने वळविली आणि मग त्याला मोकळे सोडले.

कोणी म्हणेल, आपणांस तर नित्य अटनाची आज्ञा आहे. खरे, पण ती अनुसरण घेतलेल्यास आहे. शिवाय आपण भिक्षेस उभे राहतो ते कोणाच्या दारी? गृहस्थाचे दार पुन्हा उभे राहिले, तरच आपले बेघरपण निभते. ज्याच्या घरावर आपले व्रत चालते, त्याचे घर तुच्छ लेखणे ही कृतघ्नता होय.

वासनिकानेही एक जाणावे. पूर ओसरलेल्या घराच्या कोपऱ्यात सर्प, विंचू, मुंग्या आढळतील. तेही आश्रयासच आलेले जीव होत. त्यांना न मारता बाहेर वाट करून द्यावी. ‘माझे’ म्हणणे सैल होण्यास तेथूनच आरंभ होतो.

साधकाने मात्र आधी चिखल काढू लागावे. निरूपण मागाहून करावे.

दंडवत प्रणाम.