पंचांगात नसलेलं माहेरपण

नाताळच्या सुट्टीत सकाळी पुण्याच्या मंडईत गेलात, तर मटारच्या ढिगाशी बहिणींची एखादी जोडी हमखास दिसते. एकीच्या खांद्याला कापडी पिशव्या, दुसरीच्या पायात पांढरेशुभ्र बूट. "ताई, दोन किलो घेऊ?" "अगं, आईला आता सोसत नाहीत. अर्धा किलो बास." पैसे देण्याचा हट्ट धाकटीचा, पण तिच्या परदेशातल्या फोनवर यूपीआय सुरू केलेलं नसतं आणि पाचशेचे सुटे भाजीवाल्या मावशींकडे नसतात. पैसे शेवटी ताईच देते.

आपल्याकडे माहेरपणाच्या सणांना तोटा नाही. पण भाऊबीज, राखी, नागपंचमी, सगळीकडे बहिणीसमोर भाऊ हवा. बहिणी-बहिणींचा म्हणावा तर सण गौरींचा. ज्येष्ठा-कनिष्ठा जोडीने येतात, तिसऱ्या दिवशी जातात. आणि नेमक्या त्याच दिवसांत घरच्या लेकी आपापल्या सासरी गौरी सजवण्यात अडकलेल्या! नाताळला ही अडचण नाही. अमेरिका-युरोपातली ऑफिसं, शाळा बंद असतात, म्हणून भेट होते. ना सोवळं, ना नैवेद्य, ना सासरचा हक्क.

हे माहेरपण कोरडं, असं काही जण म्हणतात. मला उलट वाटतं. सणाचा बोजा नसला की बोलायला वाव राहतो. आणि या बहिणींना बोलण्यासारखं पुष्कळ असतं. वाडवडिलार्जित मालमत्तेत मुलींना मुलांच्या बरोबरीचा हक्क महाराष्ट्राने १९९४ मध्ये दिला, २००५ मध्ये तो देशभर लागू झाला. २००७ च्या कायद्याने आईवडिलांना सांभाळायची जबाबदारीही मुलामुलींवर सारखीच टाकली. ज्या घरात दोन मुलीच, तिथे वाटणी कागदावर सरळ. पण दवाखान्यात बाकावर काढलेल्या रात्री कुठल्या रकान्यात लिहायच्या? शिवाय तीन आठवड्यांसाठी आलेल्या धाकटीचं नातेवाइकांना भारी कौतुक, "एवढ्या लांबून आली हो!" बाकीचं वर्ष जी इथेच होती, तिला कोणी काही म्हणत नाही. हा अन्याय आहे, आणि तो बहुधा बायकाच करतात.

धाकटीचीही बाजू आहे. "तू लांब, उगाच काळजी करशील" म्हणत आई पडल्याचं तिला आठवड्याने कळवायचं, आणि मग "तुला काय माहीत इथलं?" हेही तिलाच ऐकवायचं.

अशा गोष्टी दिवाणखान्यात, आईवडिलांच्या देखत निघत नाहीत. मंडईत, मेथीची जुडी निवडताना निघतात. १८८६ साली रे मार्केट म्हणून सुरू झालेल्या या इमारतीच्या खर्चाला जोतीराव फुल्यांनी नगरपालिकेत विरोध केला होता. आज तिला नाव त्यांचंच आहे. तक्रार आणि माया एका छपराखाली नांदण्याला पुण्यात एवढा जुना दाखला आहे.

तरी "पैसे किती पाठवू?" हा प्रश्न धाकटीने जरा बाजूला ठेवावा. रात्री आईजवळ थांबणाऱ्या बाईंचा पगार निघेल, ताईची सुट्टी त्यातून निघत नाही. "कुठले पंधरा दिवस मी येऊन राहू, म्हणजे तुला बाहेर पडता येईल?" असं तिने विचारावं. ताईला ते मे महिन्यात हवे असतात. तिकडे मेमध्ये शाळा चालू असतात.