रोग्याची साक्ष

दुसऱ्याच्या अंगांतली वेदना आपणांस कोणत्या प्रमाणानें कळते? ताप असला तर पारा चढतो, हाड मोडलें असलें तर क्ष-किरणांच्या चित्रांत भेग दिसते. पण जेथें पारा व चित्र दोन्हीं मुकीं राहतात, तेथें रोग्याच्या शब्दावांचून दुसरें साधन उरत नाहीं. नैयायिकांनीं शब्द हें प्रमाण मानलें, पण तें आप्ताच्या शब्दापुरतें. आप्त म्हणजे ज्यानें वस्तु स्वतः जाणली आहे व जो ती आहे तशी सांगूं इच्छितो तो; मग तो ऋषि असो, आर्य असो कीं म्लेच्छ असो, असें वात्स्यायनानें मोठ्या उदारपणें सांगून ठेविलें आहे. त्या यादींत रोगी घालावयाचा कीं नाहीं, एवढाच आमचा प्रश्न आहे.

तो सुचला एका चित्रपटावरून. जेनिफर ब्रिया ही अमेरिकन स्त्री हार्वर्ड विद्यापीठांत डॉक्टरेटसाठीं अभ्यास करीत असतां २०११ सालीं तीव्र तापानें आजारी पडली. ताप उतरला, आजार उतरला नाहीं. तपासण्यांत कांहीं निघेना, तेव्हां एका मेंदूविकारतज्ज्ञानें हा मनाचाच विकार शरीरांत उमटला आहे असा निर्णय दिला. बाईंनीं तो मानला, हें आम्हांस विशेष वाटतें. त्याचा पडताळा पाहावा म्हणून त्या दवाखान्यांतून दोन मैल पायीं घरीं गेल्या, आणि दारांतच कोसळल्या.

त्यांचा रोग पुढें मायाल्जिक एन्सिफॅलोमायलायटिस या नांवाचा ठरला. थोड्या श्रमानंतरहि, कधीं एक-दोन दिवसांनीं, प्रकृति एकदम ढांसळणें ही त्याची मुख्य खूण. आणि ह्याच रोग्यांस व्यायाम हळूहळू वाढवीत नेण्याचा उपाय कित्येक वर्षें सांगितला जात असे! इंग्लंडांतील अधिकृत मार्गदर्शिकेंतून तो २०२१ सालीं काढून टाकण्यांत आला. १९५५ सालीं लंडनच्या रॉयल फ्री रुग्णालयांत अशाच आजाराची सांथ आली होती व तिनें मुख्यतः तेथील डॉक्टर-परिचारिकांनाच गांठलें होतें. १९७० सालीं दोन मानसरोगतज्ज्ञांनीं त्या रोग्यांची भेट न घेतां, जुन्या नोंदींवरून, तो सामुदायिक हिस्टेरिया होता असें प्रतिपादिलें. रोग्यांत स्त्रियांचा भरणा अधिक, हेंहि त्यांच्या पुराव्यांतलें एक कलम होतें. रोगी स्वतः डॉक्टर असला तरी अंथरुणावर पडतांच त्याचें आप्तपण संपतें तें असें.

डॉक्टरांस दाखवितां यावी म्हणून ब्रियाबाईंनीं फोनच्या कॅमेऱ्यानें आपली अवस्था टिपावयास आरंभ केला. त्यांतूनच 'अनरेस्ट' हा अनुबोधपट निघाला. इतर रोग्यांच्या मुलाखती त्यांनीं बिछान्यावर पडल्यापडल्या, इंटरनेटवरून घेतल्या. आमच्या एका मित्रांनीं हा पट पाहून विचारलें, "आपलें दुःख असें चव्हाट्यावर मांडणें शोभतें काय?" शोभेचा प्रश्न, आम्हांस वाटतें, ज्याचा नुसता शब्द चालतो त्यानें विचारूं नये.

आमची शंका निराळी आहे. २०१७ सालच्या सनडान्स महोत्सवांत ह्या पटास परीक्षकांचें विशेष पारितोषिक मिळालें तें संकलनासाठीं. म्हणजे आपण पाहतों तें निवडलेलें, कापलेलें, जोडलेलें असतें. जमिनीवर पडलेली स्त्री पडद्यावर पाहूनहि 'हें सोंग आहे' असें म्हणणारा म्हणूं शकतोच. कॅमेऱ्यानें शब्दाचें प्रत्यक्ष होत नाहीं. फार तर शब्दाला ऐकणारे मिळतात. विश्वास ठेवण्याचें काम पाहणारालाच करावें लागतें.

२०१९ सालीं मानेच्या व मज्जारज्जूच्या शस्त्रक्रियांनंतर आपला रोग ओसरल्याचें बाईंनीं जाहीर केलें. तेव्हां कुठें आमच्या मित्रांची खात्री पटली. सर्वच रोग्यांचें मूळ मानेंत आहे असें नव्हे. आणि शस्त्रानें दुरुस्त करण्याजोगें कांहीं सांपडलेंच नसतें, तर बाई खोट्या ठरल्या असत्या काय?

मित्रांस हें विचारण्याचा अधिकार मात्र आम्हांस नाहीं. दहाबारा वर्षांपूर्वीं आमच्या वर्गांत एक मुलगी होती. ती येई ती बाकावर डोकें टेकूनच बसे. "सर, जिना चढला कीं माझा दिवस संपतो," असें ती म्हणाली, तेव्हां आम्हीं डॉक्टरचा दाखला मागितला. तिनें तो आणला. तपासणींत दोष आढळला नाहीं, असें त्यांत लिहिलें होतें. तो आम्हीं भर वर्गांत मोठ्यानें वाचून दाखविला. पुढच्या सहामाहीच्या हजेरीपटांत तिचें नांव नव्हतें.