वीस वर्षांचं कर्ज, बारा वर्षांचा कारखाना

मोशी, चिखली, चऱ्होली, रावेत, पुनावळे. पिंपरी-चिंचवडच्या या उपनगरांतल्या कुठल्याही सेल्स ऑफिसात जा, सॅम्पल फ्लॅट दाखवून झाला की समोरचा माणूस आधी एकच विचारतो : ‘‘सर, महिन्याला हप्ता किती झेपेल?’’ पस्तीस हजारांपर्यंत, असं तुम्ही म्हणालात की तो मोबाइलवर आकडे टाकतो आणि पस्तीस हजारांत बसणारं कर्ज दाखवतो. बसत नसेल तर विसाची पंचवीस वर्षं करतो, पंचवीसची तीस. हप्ता आधी ठरतो, वर्षं मागाहून त्यात भरली जातात. गिऱ्हाईकही घरी येऊन हप्त्याचाच आकडा सांगतं. किती वर्षं फेडायचं, हे विचारणारा क्वचित भेटतो. माझ्या मते गृहकर्जाची खरी किंमत याच न विचारलेल्या प्रश्नात आहे.

पन्नास लाखांचा टू बीएचके धरू. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० ते ७५ लाखांच्या कर्जासाठी घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच रक्कम देता येते, म्हणजे इथे ४० लाख. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी त्याचा हप्ता ३४,७१३ रुपये बसतो. दोनशे चाळीस हप्त्यांचे मिळून ८३ लाख ३१ हजार होतात, त्यात व्याज ४३ लाखांच्या वर. इथवरचं गणित बहुतेकांनी ऐकलेलं असतं. त्याची चाल कशी असते ते मात्र फार थोड्यांना ठाऊक असतं. पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजात जातात, मुद्दलात ६,३८० पडतात. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता जवळपास २१ लाख भरले की मुद्दल पावणेपाच लाखांनी कमी झालेलं दिसतं. निम्मं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष उजाडतं. यात बँकेची लबाडी नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळं मुद्दल उरलेलंच असतं.

तेच कर्ज तीस वर्षांचं केलं तर हप्ता ३०,७५७ वर येतो. महिन्याला चार हजारांचा दिलासा मिळतो, त्यात मुलाच्या शाळेची फी निघते, म्हणून माणूस लगेच हो म्हणतो. त्या दिलाशासाठी एकूण २७ लाख रुपये जास्त भरावे लागतात.

आता हे आकडे या कारखान्यांच्या पट्ट्याच्या जमिनीवर उतरवून पाहू. तळेगावला जनरल मोटर्सचा कारखाना २००८ मध्ये सुरू झाला. अमेरिकन कंपनी, एमआयडीसीतली मोठी जागा, नवीकोरी लाइन. तिथे पर्मनंट झालेल्या मुलाला बँकेने कर्ज नाकारण्याचं काहीच कारण नव्हतं. कंपनीने २०१७ अखेर भारतातली विक्री थांबवली, डिसेंबर २०२० मध्ये तळेगावचं उत्पादनही थांबलं. पुढे भरपाईसाठी कामगारांचा दीर्घ लढा झाला, कारखाना ह्युंदाईने घेतला. कारखान्याचं आयुष्य झालं बारा वर्षांचं. वर घेतलेल्या उदाहरणात बारा वर्षांत ५० लाख रुपये भरून होतात आणि तरीही मुद्दलातले २४ लाख शिल्लक असतात. आठ वर्षं बाकी, वय चाळीस-बेचाळीस, आणि हातात जो अनुभव आहे तो एका बंद पडलेल्या लाइनचा.

हे काही एकाच कंपनीचं नाही. बजाजने २००७ मध्ये आकुर्डीतलं उत्पादन थांबवलं, तेव्हा वाल्हेकरवाडीपासून निगडीपर्यंत घरोघरी त्याची चर्चा होती. २०१९च्या मंदीत पिंपरीच्या टाटा मोटर्समध्ये ‘ब्लॉक क्लोजर’चे, म्हणजे उत्पादन बंद ठेवण्याचे, दिवस लागले, आणि मोठ्या कंपनीचं चाक थांबलं की भोसरी एमआयडीसीतल्या लहान वर्कशॉपमध्ये ओव्हरटाइम सगळ्यात आधी बंद होतो. अनेक घरांत हप्ता बसवलेला असतो तो याच ओव्हरटाइमवर.

पूर्वीच्या पिढीचं काय, असा प्रश्न साहजिक येतो. टेल्को, बजाज, हिंदुस्थान अँटिबायोटिक्समध्ये लागलेल्या माणसांनीही कर्जं काढलीच. प्राधिकरणाचा प्लॉट, यमुनानगरचं घर, संत तुकारामनगरची खोली, फंडातून उचल, कामगार पतसंस्थेचं कर्ज, शिवाय एचडीएफसीसारख्या संस्थेचं. नव्वदच्या दशकात तर व्याजदर चौदा-पंधरा टक्क्यांच्या घरात होते. तरीही त्यांची कर्जं फिटली. ती पिढी काटकसरी होती हे खरं, पण मोठं कारण वेगळं होतं. दर तीन-साडेतीन वर्षांनी युनियन करार करायची आणि पगार वाढायचा, हप्ता मात्र तसाच राहायचा. सुरुवातीला निम्मा पगार खाणारा हप्ता दहा वर्षांनी पगाराच्या पाचव्या हिश्शावर येई. महागाईनेही कर्जदाराला मदतच केली, कारण वीस वर्षांनंतरचे हजार रुपये आजच्या हजारांपेक्षा कितीतरी हलके असतात. म्हणून ८३ लाखांचा आकडा पाहून घाबरून जाणंही चुकीचं आहे. ज्याचा पगार वाढत राहतो त्याच्यासाठी तो ८३ लाखांचा भार नसतोच.

पण पगार वाढत नसेल तर? चाकणच्या टप्पा दोनमध्ये किंवा म्हाळुंगे-खराबवाडीत सकाळच्या शिफ्टच्या बस रिकाम्या होताना पाहा. उतरणाऱ्यांमध्ये पर्मनंट किती, कंत्राटी किती, ट्रेनी किती, हे कपड्यांवरून आणि गळ्यातल्या पट्ट्यावरून कळतं. एकाच लाइनवर एकच नट आवळणाऱ्या दोघांपैकी एकाचा करार युनियन करते, दुसऱ्याचा ठेकेदार. दुसऱ्याला काही महिन्यांनी ब्रेक मिळतो आणि पुन्हा नव्या नावाने तोच पगार सुरू होतो. बँकेच्या शाखेत त्याची फाइल पुढे सरकत नाही, मग तो गृहवित्त कंपनीकडे जातो. तिथे जोखीम म्हणून दर चढा असतो. वीस लाख वीस वर्षांसाठी साडेआठने घेतले तर हप्ता १७,३५६ रुपये. बारा टक्क्यांनी घेतले तर २२,०२२. एकूण फरक ११ लाखांचा. ज्याची नोकरी कच्ची, त्याचंच घर सगळ्यात महाग. आणि वर त्याच्या पगाराला कराराची शिडी नाही, त्यामुळे दहाव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षीइतकाच जड. कर्जाची किंमत काढताना व्याजदराच्या आधी हे पाहायला हवं, आणि हे कोणत्याही ईएमआय कॅल्क्युलेटरवर दिसत नाही.

दर बदलतात तेव्हा काय होतं, हे २०२२-२३ने दाखवून दिलं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने बँकांना कर्ज देण्याचा आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहापर्यंत नेला. ऑक्टोबर २०१९पासून बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जं अशा बाहेरच्या दराला बांधलेली असल्याने वाढ थेट पोचली. समजा कोणी सात टक्क्यांनी ४० लाख घेतले होते, हप्ता ३१,०१२. वर्षभराने दर साडेनऊ झाला आणि हप्ता तसाच ठेवला, तर त्या महिन्याचं व्याजच ३०,९१३ होतं. मुद्दलाकडे शंभर रुपयेही जात नाहीत. त्या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षं लागतील. साठ वर्षं तर देता येत नाहीत, म्हणून मुदत निवृत्तीच्या वयापर्यंत ताणली गेली आणि तिथेही भागेना तेव्हा हप्ता वाढला. कित्येकांना मुदत वाढल्याचं कळलं ते वर्षअखेरीला व्याजाचा दाखला काढताना. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बजावलं की दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, की स्थिर दरावर जायचं, याचा पर्याय कर्जदाराला द्या, आणि हप्ता व्याजापेक्षा कमी पडू देऊ नका. हा नियम चांगला आहे. पण पर्याय मागायला शाखेत जावं लागतं, आणि चाकणला फर्स्ट शिफ्ट करणारा माणूस ट्रॅफिकमधून मोशीला परत येईपर्यंत शाखेचं शटर खाली आलेलं असतं.

कर्जाच्या कागदाबाहेरही पैसे जातात. पन्नास लाखांच्या घरावर पिंपरी-चिंचवडमध्ये सात टक्के मुद्रांक शुल्क म्हणजे साडेतीन लाख, नोंदणीचे तीस हजार, बांधकाम चालू असेल तर पाच टक्के जीएसटीचे अडीच लाख. स्वतःचे दहा लाख धरून सोळा लाखांच्या वर रोख उभे करायचे. घर बाईच्या नावावर घेतलं तर मुद्रांकात एक टक्का सवलत आहे, ती घ्यावी. पुष्कळजण घेत नाहीत. हे सोळा लाख येतात पतसंस्थेतून, सोनं गहाण ठेवून, भिशीतून, कधी बीडच्या किंवा लातूरच्या वाटणीतलं एकरभर रान विकून. म्हणजे एका गृहकर्जाखाली दोन-तीन लहान कर्जं असतात, गृहकर्जापेक्षा महाग, आणि ती कोणत्याही तक्त्यात नसतात. मंजुरीच्या वेळी विमा ‘कर्जातच घालून’ देतात तेही याच प्रकारातलं. लाख रुपयांचा प्रीमियम एकरकमी कर्जात मिसळला की वीस वर्षांत त्याचे दोन लाख आठ हजार होतात. विमा हवाच, तो वेगळा, वर्षावर्षाला भरायचा घ्यावा.

आणि पाणी. २०१९च्या नोव्हेंबरपासून पिंपरी-चिंचवडमध्ये दिवसाआड पाणी येतं. मोशी-रावेतच्या मोठ्या सोसायट्यांत टँकरचा खर्च मेंटेनन्समध्ये येऊन बसतो आणि तो कुठल्याच बाजूने कमी होत नाही. घर घेताना हप्ता आणि भाडं यांची तुलना सगळे करतात. भाडेकरूला यातलं बहुतेक वेगळं भरावं लागत नाही, हे तुलनेतून निसटतं. करसवलतीचंही तसंच. ‘टॅक्स वाचतो’ हे वाक्य सेल्स ऑफिसात अजून बोललं जातं. आता वेगळा पर्याय निवडला नाही तर नवी करप्रणालीच लागू होते, तिच्यात राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, आणि वर्षाला बारा लाखांपर्यंतच्या पगाराला २०२५-२६पासून करच लागत नाही. नसलेला कर वाचवायला कोणी चाळीस लाखांचं कर्ज काढू नये.

घर घेऊच नका, असं मी कोणाला सांगणार नाही. दर अकरा महिन्यांनी सामान उचलणं, मालकाने वाढवलेलं भाडं, मुलीची शाळा बदलणं, हे सोसलेल्या माणसाला भाड्याचं गणित शिकवू नये. हप्त्यामुळे अनेक घरांत आयुष्यातली पहिली बचत झाली, हेही मी पाहिलं आहे. पण घराच्या बदल्यात आणखी एक गोष्ट गहाण पडते. हप्ता असलेला माणूस नाइट शिफ्टला नाही म्हणत नाही. युनियनच्या सभेला जाताना दोनदा विचार करतो. चांगलं काम रांजणगावला मिळत असलं तरी जात नाही. मालकाला हे कळतं. वीस वर्षांचा नकार विकून घेतलेलं घर आहे ते, आणि त्या नकाराची किंमत आपण हिशेबात धरतच नाही.

हे सगळं एकट्या कर्जदाराच्या हुशारीवर सोडून द्यायचं का? पिंपरी-चिंचवड नवनगर विकास प्राधिकरण १९७२ मध्ये स्थापन झालं ते कामगारांना परवडणारी घरं मिळावीत म्हणून; २०२१ मध्ये ते विसर्जित करून पीएमआरडीए आणि महापालिकेत वाटून टाकलं. पंतप्रधान आवास योजनेखाली महापालिकेने चऱ्होली, बोऱ्हाडेवाडी आणि रावेत मिळून ३,६६४ घरांची सोडत काढली, तेव्हा अर्जांची रांग घरांच्या कितीतरी पटीने लांब होती. परवडणारं घर नाही म्हणून माणूस अनधिकृत गुंठ्याकडे वळतो, बांधकामबंदीच्या रेड झोनकडे वळतो, नदीकाठाकडे वळतो. चिखलीत इंद्रायणीच्या निळ्या पूररेषेतले ३६ बंगले मे २०२५ मध्ये पाडले गेले. घर पडलं तरी त्यावरचं कर्ज पडत नाही, ते माणसाच्या पगाराला चिकटून राहतं. प्राधिकरणाची जमीन सरकारने कामगारांसाठी संपादित केली होती. तिचा लिलाव होऊन त्यावर कामगाराला न परवडणारे मनोरे उभे राहत असतील, तर व्याजदर पाव टक्क्याने खाली आल्याचा आनंद फार मोठा नाही.

तरीही तो पाव टक्का सोडू नये. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. बँकेचं कर्ज साडेआठवरून साडेसातवर आलं असेल तर ४० लाखांचा हप्ता सुमारे अडीच हजारांनी कमी करून घेता येतो, किंवा जुनाच हप्ता चालू ठेवून वीस वर्षांची सतरा करता येतात. दुसऱ्या मार्गाने सहा लाखांच्या वर वाचतात. बोनसमधून दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरला तर साडेआठच्या दरानेही सव्वातीन वर्षं कमी होतात आणि आठ लाख वाचतात. तरत्या दराच्या कर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकेला घेता येत नाही. मात्र गृहवित्त कंपन्यांना बाहेरच्या दराचं बंधन नाही. तिथल्या जुन्या कर्जदाराचा दर आपोआप उतरत नाही, त्यासाठी अर्ज करावा लागतो, थोडी फी भरावी लागते. दिवाळीच्या सुट्टीआधी एक दिवस रजा टाकून मंजुरीपत्र घेऊन शाखेत जावं आणि विचारावं, माझी किती वर्षं उरली आहेत; आणि उत्तर छापील कागदावर घ्यावं.